उन्हाळ्यातले पुंजणे

मूल नावाच्या आमच्या गावात पहिला व्हिडिओ कॅमेरा मी आणला. दुसराही मीच आणला, कारण पहिला एका नवरदेवाच्या घोडीने खाल्ला. यातलं दुसरं वाक्य खोटं आहे. ते आत्ताच सांगून टाकतो, कारण पुढे मला एक खरी गोष्ट सांगायची आहे, आणि खरं बोलण्याची माझी पत आमच्या तालुक्यात कधीच संपली.

ऐंशीचं दशक तेव्हा अर्ध्याच्या पुढे सरकलं होतं. एका खांद्यावर कॅमेरा, दुसऱ्या खांद्यावर कॅसेटचा डेक, आणि पुढे हॅलोजन धरलेला एक माणूस, अशी आमची वरात नवरदेवाच्या वरातीपेक्षा जास्त बघितली जायची. आमच्या घरचं लग्न म्हणजे त्रिशरण, पंचशील, हार आणि टाळ्या, पंधरा मिनिटांत मोकळे. तीन तासांची कॅसेट भरायची तर मी भाताच्या गंजापासून, म्हणजे पातेल्यापासून, सुरुवात करायचो. माझ्या कॅसेटी बघून आमच्या भागातल्या लोकांना लग्नापेक्षा भातच जास्त आठवतो.

धंदा चालायला तोंडही चालावं लागतं. सूरजागडच्या डोंगरात लोखंड एवढं आहे की पायथ्याशी नेलेली कॅसेट आपोआप पुसली जाते, असं मी एकदा बसस्टँडवर सांगितलं. एका गुरुजींनी ते चौथीला शिकवलं. तेव्हापासून मी डोंगरापलीकडच्या लग्नांना जात नसे. शब्दाला जागायला नको?

वैनगंगेच्या पलीकडे, जंगलाला लागून एक गाव आहे. त्याचं नाव लिहीत नाही. त्या गावाने पुष्कळ सोसलं, आणि माझ्यामुळे त्यात थोडी भर पडली. दिवाळी झाली की आमच्याकडे गावोगाव मंडई, म्हणजे जत्रा, भरते. धान कापून झालेलं असतं, बांध्यांमध्ये, म्हणजे धानाच्या शेतांत, भारे रचून पुंजणे उभे असतात, आणि गावच्या मैदानावर भर दुपारी दंडार, म्हणजे आमच्याकडचं नाचगाण्याचं नाटक, चालते. त्या वर्षी मंडईवाल्यांनी मला शूटिंगला बोलावलं. मी दंडार थोडी घेतली, मग कॅमेरा बघणाऱ्यांकडे वळवला. माणसाला स्वतःचं तोंड बघायला आवडतं आणि त्याच्या दहा कॅसेटी जास्त निघतात. पुढच्याच रांगेत तिशीचा एक माणूस मांडी घालून बसला होता. आखूड केस, नवा निळा सदरा. मी त्याच्यावर कॅमेरा रोखला तर त्याने जागीच अशी ताठ बैठक घेतली, जणू फोटो काढून होईपर्यंत श्वास घ्यायला मनाई आहे.

तेवढ्यात कुणीतरी सोडलेला फटाक्याचा बाण सावरीच्या झाडावरच्या आग्या मोहोळात शिरला.

माशा चिमणीएवढ्या होत्या. बरं, चिमणीच्या पिल्लाएवढ्या. सगळं मैदान उठून पळालं, कुणी पालथं पडलं, कुणी दुसऱ्याच्या धोतरात शिरलं. निळ्या सदऱ्याचा माणूस मात्र उठला तो चहावाल्याच्या भट्टीकडे गेला. शेजारचा तणसाचा पेंढा उचलला, पेटवला, आणि डोक्यावर फिरवत सरळ माशांमध्ये धावला. त्याच्या धुराआडून बाया आणि लेकरं निघाली. मी हे सगळं टिपलं. शूर म्हणून नाही, पळताना बटण बंद करायचं राहिलं म्हणून.

त्याच मैदानावर पुढच्या उन्हाळ्यात गोळी चालली.

उन्हाळ्यात त्या मैदानाची फळी होते. म्हणजे जंगलातून तोडून आणलेल्या तेंदूपानांचे पुडे तिथे उन्हात मांडून वाळवतात. त्या दिवशी लोक पुडे मांडीवर घेऊन बसले होते. ठेकेदार बोलला होता तो भाव द्या, मगच माल मांडू, एवढंच त्यांचं म्हणणं होतं. आंध्राच्या बाजूने बंदूकवाले दादा जंगलात यायला लागल्याचे ते दिवस, त्यामुळे नुसता बसलेला माणूसही कुणीतरी बसवलेला वाटायचा. बाहेरून पोलिसांची तुकडी आली. गोळी चालली. तिघे जखमी झाले. एक जागेवरच गेला. तो मंडईतला निळ्या सदऱ्याचा माणूस होता.

यात मला काही वाढवता येत नाही. मी तिथे नव्हतो. त्या वेळी मी मूलमध्ये एका राइस मिलवाल्याच्या मुलीच्या लग्नात बुंदीच्या परातीवर कॅमेरा लावून उभा होतो. हे ध्यानात ठेवा, कारण मी स्वतः ते लवकरच विसरलो.

झालं असं, की आठवड्याभराने बसस्टँडवर चहा पिताना गोळीबाराचा विषय निघाला. सगळे बोलत होते आणि मी गप्प होतो. मला गप्प राहण्याचा सराव नाही. मी म्हटलं, "मी होतो ना तिथी. सगळं घेतलं आहे कॅमेऱ्यात. पोलिसांच्या मधातच उभा होतो. एक गोळी त लेन्सले घासून गेली."

"मंग लेन्स फुटली नाई का गा?" चहावाला म्हणाला.

"जपानची आहे," मी म्हटलं.

पावसाळा लागायच्या आत नागपूरहून दोन कार्यकर्ते माझ्या स्टुडिओत हजर. झोळ्या, दाढ्या, आणि डोळ्यांत असा विश्वास, की आयुष्यात माझ्याकडे कुणी तसं बघितलं नव्हतं. "तुमच्याकडे पुरावा आहे," ते म्हणाले. मी "उद्या या" म्हणालो.

माझ्या डेकवर एक बटण होतं. चित्र तेच ठेवून आवाज तेवढा बदलायचा. लग्नवाल्यांसाठी मी त्यावर सनई चढवायचो. त्या दिवशी मंडईच्या कॅसेटमधला पळापळीचा भाग मी नव्या कॅसेटवर उतरवला, लोक बसलेले दिसतात तिथपासून. मूळ आवाजात सगळं मैदान "माशा! माशा!" म्हणून ओरडत होतं. तो पुसला आणि वर सिंदेवाहीच्या एका वरातीतले फटाके चढवले. मूळ कॅसेट पुसून तिच्यावर त्याच आठवड्यात एक साक्षगंध, म्हणजे साखरपुडा, घेतलं. कॅसेटी काय झाडाला लागत नव्हत्या.

मनाला काय समजावलं तेही सांगतो. लोक तेच, गाव तेच, मैदान तेच, धावपळ खरी. कारण तेवढं वेगळं.

फिल्मच्या नकला निघाल्या, नकलांच्या नकला निघाल्या. चित्र जितकं पुसट होत गेलं तितकं लोकांना खरं वाटत गेलं. कार्यकर्ते ती गावोगाव दाखवायचे आणि टीव्ही, व्हीसीआर, जनरेटर घेऊन सोबत जायला तालुक्यात माझ्याशिवाय होतं कोण? त्या गावात पहिल्यांदा दाखवली तेव्हा समाजमंदिरात कुणी खोकलंसुद्धा नाही. गावातले एक वडीलधारे माझ्याजवळ आले. मंडईची सगळी व्यवस्था तेच बघत. हळूच म्हणाले, "हे त मंडईचं नाई का गा?"

मी म्हटलं, "नाही भाऊ, फळीचंच आहे."

ते परत जागेवर जाऊन बसले. दुसऱ्या खेळाला ते काही बोलले नाहीत. तिसऱ्या खेळाला फटाका वाजला तसे कान धरून म्हणाले, "हा बार. हाच माह्या कानाजवळून गेला." चौथ्या खेळाला गोळी कोणत्या बाजूने आली, कुणी झाडली, आणि त्याच्या मिशा कशा होत्या, हे ते पोरांना उभं राहून सांगत होते. ज्याच्या पायाला खरोखर गोळी लागली होती तो माणूस फळीवर लागलीच पडला होता. त्यालाही आता आपण शंभर पावलं धावल्याचं आठवू लागलं. पडद्यावर पांढरं धोतर नेसून कुणी धावताना दिसायचा, तो त्याने स्वतः म्हणून ठेवून घेतला. गंमत म्हणजे मलाही आठवू लागलं. चौथ्या खेळानंतर जेवताना माझ्या नाकाला दारूगोळ्याचा वास आला. बुंदी कुठल्या कुठे गेली.

एकटी एक बाई हा खेळ बघत नसे. मेलेल्याची बायको. दाराबाहेर, भिंतीला पाठ लावून, सूप घेऊन बसायची. "एकदा पाह्यलं ना मी," म्हणायची. "अजून कितीदा पाहू?"

तिचं म्हणणं गोळीच्या दिवसापासून एकच होतं. नवरा तिच्या शेजारी बसून पुडा बांधत होता. दोराचं एक टोक हातात, एक दातात. तो उठलाच नाही. पण सरकारी कागदात लिहिलं गेलं होतं, मयत इसम हल्ल्यात सामील. तिला तेवढं खोडून हवं होतं. दुसरं काही ती मागत नव्हती. कार्यकर्ते तिला न्याय, लढा असं पुष्कळ सांगायचे. ती ऐकून घ्यायची आणि म्हणायची, "बसला होता, तेवढं लिवाले सांगा. मेलेल्या माणसाले उठून सांगता येत नाई, म्हणून काहीबी लिवता काऊन?"

चौकशीला साहेब आले ते हिवाळा संपताना. दूरच्या कुठल्या शहरातले, चांगले वाटले, पाणी उकळून पिणारे. तालुक्याच्या रेस्ट हाउसमध्ये बसले. कार्यकर्त्यांनी फिल्म आधीच पुरावा म्हणून दिलेली. साहेब म्हणाले, नक्कल नको, पहिली प्रत आणा. पहिली प्रत, म्हणजे फटाके चढवलेली ती नवी कॅसेट, माझ्याकडे. ती दाखवायला टीव्ही आणि व्हीसीआर माझाच. बटण दाबायला मीच. साक्षीदारालाच सगळं सामान घेऊन बोलावलेली ती बहुधा पहिलीच चौकशी.

गाव आलं होतं. ती बाईही आली होती, आणि इथेही टीव्हीकडे पाठ करून बसली होती.

साहेबांनी फिल्म तीनदा बघितली. मग कारकुनाला म्हणाले, "लिहा. मयत आधी बसलेला दिसतो. नंतर उठतो. पेटता पेंढा घेऊन तुकडीच्या दिशेने धावतो."

एक कार्यकर्ता उठला. "तुकडी कुठे दिसते साहेब?"

"कॅमेरा तुकडीच्या बाजूने आहे," साहेब म्हणाले. "कॅमेरावाले स्वतःच सगळीकडे सांगतात म्हणे, पोलिसांच्या मध्ये उभा होतो."

सगळे माझ्याकडे बघायला लागले. बाईने मान वळवली नाही. तिची पाठ तेवढी ताठ झाली, त्या निळ्या सदऱ्यासारखी. तोंडातल्या तोंडात ती म्हणाली, "बसला होता."

आयुष्यात मी हजार वेळा तोंड उघडलं, पण ते इतकं जड कधी नव्हतं. मी म्हटलं, "साहेब, ही फिल्म गोळीबाराची नाही. मधमाशांची आहे."

कारकुनाचा टाक थांबला.

"कशाची?"

"मधमाशांची. मंडईत मोहोळ उठलं. तो पेंढा माशांसाठी होता."

"मग हे बार?"

"सिंदेवाहीची वरात आहे, साहेब."

साहेबांनी चष्मा काढला, पुसला, परत घातला. "सूरजागडच्या डोंगराखाली कॅसेट पुसली जाते, असं सांगणारे तुम्हीच ना? माझ्या ड्रायव्हरने काल मला सांगितलं."

"होय साहेब."

"आणि ती जपानची लेन्स?"

"तीही मीच."

"आणि आता मधमाशा."

"हे खरं आहे साहेब."

सगळा हॉल हसला. मलाही हसू आलं असतं, गोष्ट दुसऱ्याची असती तर. वडीलधारे भाऊ मात्र हसले नाहीत, ते तडक उठले. "काय सांगून राह्यला गा तू? माह्या कानाजवळून गोळी गेली. पडद्यावर आयकू येते! पाय फुटला ह्या गड्याचा, अन तू माशा म्हनतं?"

"भाऊ, पहिल्या दिवशी तुम्हीच त मले विचारलं होतं, मंडईचं हाये का म्हणून."

"मी?" ते म्हणाले. त्यांच्या चेहऱ्यावर मी ढोंग शोधलं. ढोंग मला लांबून ओळखू येतं. ते नव्हतं. "मी कायले विचारू? मी तिथी होतो."

कार्यकर्त्यांना वाटलं मला पोलिसांनी फितवलं. गावाला वाटलं मी त्यांची गोळी चोरतो आहे. साहेबांना वाटलं मी साहेबांचा वेळ खातो आहे. पुरावा एकच होता, "माशा! माशा!" असं ओरडणारं अख्खं गाव, आणि तो मी बटण दाबून पुसला होता.

"शेवटचं एकदा लावा," साहेब म्हणाले. "आणि त्या बाईंनाही बघू द्या. त्यांच्या माणसाचं आहे."

"मी नाई पाहत," बाई म्हणाली.

मी तिच्याजवळ गेलो. "बाई, यात गोळी नाही. मंडई आहे. तुमचा माणूस आहे यात, जिवंत. एवढ्यापुरता माझ्यावर भरवसा ठेवा."

"तुह्यावर?" ती म्हणाली. पण वळली.

मी कॅसेट लावली. लोक बसलेले. निळा सदरा, ताठ मांडी. ती बघत राहिली. मग सगळे उठले, तो धावला. फटाके वाजायला लागले आणि हॉलमधले लोक सवयीने खांदे आकसायला लागले. ती मात्र त्याच्याकडे बघतच नव्हती. उठून टीव्हीपाशी गेली, काचेवर बोट ठेवलं, त्याच्या डोक्याच्या मागे, कोपऱ्यात.

"हा माहा पुंजणा," ती म्हणाली.

"काय?" साहेब म्हणाले.

"पुंजणा, साहेब. धानाचा. मीच रचला होता. वाकडा झाला म्हणून हा मले आठ रोज हासे. म्हणे, पुंजणा हाये का म्हातारा हाये. पाहा ना, कसा कलला हाये. बाजूचा सरळ हाये तो जाऊचा." ती वळली. "गोळी तेंदूत चालली. जेठात कोनाच्या बांधीत पुंजणे राह्यते?"

साहेबांना बांधी, पुंजणा, जेठ यातलं काहीही कळलं नाही. पण कारकून मूलकडचा, धानवाल्याच्या घरातला. तो टाक खाली ठेवून टीव्हीजवळ आला, वाकून बघितलं. "साहेब," तो म्हणाला, "धानाची मळणी होऊन पुंजणे हिवाळ्यातच मोडतात. मे महिन्यात बांधीत उंदीरसुद्धा उपाशी असतो. ही फिल्म दिवाळीनंतरची आहे."

नकलांच्या नकलांमध्ये ते पुंजणे नुसते डाग झाले होते. पण पहिल्या प्रतीतही आम्ही कुणी ते बघितले नव्हते. प्रत्येकजण आपापल्याला बघत होता. वडीलधारे भाऊ काचेपर्यंत आले. एकेक पुंजणा बघितला. मग कानाला हात लावला, जणू तिथून काहीतरी काढून घेतलं गेलं. म्हणाले, "मंग माह्या कानाजवळून काय गेलं?"

"माशी, भाऊ," मी म्हटलं. यावेळी कुणी हसलं नाही.

पुढे कुणाला शिक्षा वगैरे झाली नाही. मला साहेबांनी अर्धा तास झापलं, ते वाजवी होतं. कॅसेट लाखेचा शिक्का मारून ठेवून घेतली. आणि पुष्कळ महिन्यांनी निघालेल्या कागदात एक ओळ आली: सदर चित्रफीत घटनेची नाही, मयत इसम घटनेच्या वेळी बसलेला होता.

तो कागद घेऊन बाई बाजाराच्या दिवशी मूलला माझ्या स्टुडिओत आली. मी ती ओळ तिला तीनदा वाचून दाखवली. तिने कागद घडी करून कमरेच्या पिशवीत घातला, पण उठली नाही.

"ते फिल्म हाये का गा भाऊ?"

माझ्याकडे एक नकलेची नक्कल होती. पुसट, पुंजण्यांचे डाग झालेली.

"काऊन पाह्यजे, बाई?"

"त्याचा हलता फोटो दुसरा नाई ना कुठी." मग म्हणाली, "अन तुमी मले पाह्याले लावलं ना, तवापासून डोये मिटले का तो धावतेच दिसते. पेंढा घेऊन. फळीवर. बाजूले मी बसली हावो, अन तो धावून राह्यला. दातातला दोर दिसतच नाई आता. कागदावर बसला, अन माह्याजवळून उठून गेला."

मी कपाटातून ती नक्कल काढली.

कॅसेट लावली. फटाके सुरू झाले तशी ती म्हणाली, "आवाज बंद करा." मी बंद केला. बिनआवाजाचा तो धावत गेला, पेंढा फिरवत, पुसट धुरात. फिल्म संपली. ती म्हणाली, पुन्हा लावा. मी चित्र चालू ठेवूनच कॅसेट उलटी फिरवली.

पळालेले लोक पाठीमागून परत यायला लागले. पालथे पडलेले उठले. धूर पेंढ्यात शिरला. तो उलट्या पावलांनी माशांमधून बाहेर आला, पेंढा विझवला, जागेवर ठेवला, मागेमागे चालत पहिल्या रांगेत आला, आणि मांडी घालून बसला.

"थांबवा," ती म्हणाली.

मी पॉजचं बटण दाबलं. चित्र थोडं थरथरत होतं, पण तो बसला होता. तिने खुर्ची पुढे ओढली.

"असाच बसला होता," ती म्हणाली. "हे पाहा ना भाऊ. दातात दोर हाये."

दोर नव्हता. खराब कॅसेट थांबवली की पडद्यावर आडवी पांढरी रेघ येते, ती त्याच्या तोंडावरून गेली होती.

पॉज फार वेळ ठेवला तर मशीनचं हेड घासतं. गिऱ्हाइकाला मी एका मिनिटाच्या वर ठेवू देत नाही. बाजार उठेपर्यंत ती बसून होती. मी बटणाला हात लावला नाही.